भुयारी रेल्वे, मूकपट आणि इतिहासाचे दप्तर

इतिहासाची साधने म्हटली की आपल्या मनासमोर प्रथम उभे राहते ते दप्तर: मोडी कागदांचे रुमाल, शकावल्या, ताम्रपट, शिलालेख. विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनी 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेचा पहिला खंड १८९८ साली प्रसिद्ध केला आणि वाड्यांच्या माळ्यांवर कसरीच्या तोंडी पडलेला कागद ही रद्दी नसून समाजाची स्मृती आहे, ही जाणीव महाराष्ट्रात रुजू लागली. त्याच्या पुढच्याच वर्षी, १८९९ साली, हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील एका कुस्तीचे चलच्चित्र घेतले. या दोन घटनांचा परस्परांशी काही संबंध आहे असे त्या वेळी कोणासही वाटले नसेल. आज मागे वळून पाहता मात्र तो संबंध स्पष्ट दिसतो. एका मराठी माणसाने जुनी साधने जपण्याचा धडा घालून दिला. दुसऱ्याने एक अगदी नवे साधन निर्माण केले. दुर्दैव एवढेच की, पहिल्याचा धडा दुसऱ्याच्या साधनास लागू करावा हे कोणाच्याच मनात आले नाही. राजवाड्यांचे खंड आपल्या ग्रंथालयांत आहेत; सावेदादांची एकही फीत उरलेली नाही.

चलच्चित्र हे इतिहासाचे साधन होऊ शकते काय, आणि होत असल्यास कोणत्या अटींवर, या प्रश्नाचा विचार आम्ही येथे एका मर्यादित उदाहरणाच्या आधारे करणार आहोत. ते उदाहरण आहे एका महानगराच्या भुयारी रेल्वेच्या आरंभाचे आणि त्या काळातील खोदकामाच्या मूकपटांचे. उदाहरण परदेशातील, न्यूयॉर्कचे आहे. परंतु त्यावरून निघणारा प्रश्न आमच्या सुरत शहरात येऊन ठेपतो, हे पुढे दिसेल.

भुयारी रेल्वे आणि चलच्चित्र ही बहुतांशी समवयस्क भावंडे होत. लंडनची पहिली भुयारी गाडी १८६३ साली धावली, तेव्हा हलते चित्र अस्तित्वात नव्हते. पण त्यानंतरची मोठी भुयारे चलच्चित्राच्या बालपणातच खोदली गेली. बुडापेस्टची भुयारी रेल्वे मे १८९६ मध्ये सुरू झाली. त्याच वर्षी ७ जुलै रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा हिंदुस्थानातील पहिला खेळ झाला. पॅरिसची मेट्रो जुलै १९०० मध्ये चालू झाली आणि त्याच वर्षीच्या २४ मार्च रोजी न्यूयॉर्क नगरपालिकेच्या इमारतीसमोर महापौर रॉबर्ट व्हॅन वाइक यांनी चांदीच्या फावड्याने तेथील भुयारी रेल्वेची पहिली माती उचलली.

वॉटसन हॉटेलातील त्या पहिल्या खेळात सहा छोटी चित्रे होती. स्थानकात शिरणारी आगगाडी त्यांत होती, हे सर्वांस ठाऊक आहे. उरलेल्यांपैकी दोन मात्र विशेष ध्यानात घेण्याजोगी आहेत. एकात कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार दिसतात आणि दुसऱ्यात काही मजूर एक भिंत पाडताना दिसतात. म्हणजे, हिंदुस्थानच्या प्रेक्षकाने पडद्यावर जे पहिले जग पाहिले, त्यात राजे नव्हते, देव नव्हते. कष्ट करणारी माणसे, धूळ आणि पडणारी भिंत होती. बांधकाम आणि पाडकाम यांचे वेड चलच्चित्रास जन्मापासूनच होते. याचे कारणही उघड आहे. स्थिर छायाचित्र भिंत उभी असतानाची दाखवते किंवा पडल्यानंतरची. भिंत पडते तो क्षण फक्त चलच्चित्रच धरू शकते.

न्यूयॉर्कच्या भुयाराचे काम कसे झाले, हे थोडक्यात सांगितले पाहिजे. मुख्य अभियंते विल्यम बार्कले पार्सन्स, ठेकेदार जॉन मॅकडोनल्ड आणि भांडवल पुरवणारे ऑगस्ट बेलमाँट ही तीन नावे या कामाशी कायमची जोडली गेली आहेत. भुयाराचा बराच भाग खोल बोगदा पाडून केलेला नव्हता. रस्ता वरून उघडायचा, खंदक खणायचा, त्यातील पाण्याचे व गॅसचे नळ आणि गटारे बाजूस वळवायची, पोलादी खांब-तुळया उभारून वर छप्पर घालायचे आणि त्यावर पुन्हा रस्ता करायचा, अशी ती रीत होती. महापौरांच्या चांदीच्या फावड्यानंतर प्रत्यक्ष काम सुरू झाले ते गटारे हलवण्यापासून. जेथे रस्ता उघडणे शक्य नव्हते, तेथे कठीण खडकात सुरुंग लावावे लागले. २४ ऑक्टोबर १९०३ रोजी शहराच्या उत्तर टोकाजवळील फोर्ट जॉर्ज येथे बोगद्यात दरड कोसळली आणि दहा मजूर ठार झाले. त्यानंतर जेमतेम वर्षभराने, २७ ऑक्टोबर १९०४ रोजी, सुमारे नऊ मैल लांबीचा आणि अठ्ठावीस स्थानकांचा मार्ग लोकांसाठी खुला झाला. भाडे होते पाच सेंट.

याच वर्षांत न्यूयॉर्कमध्ये एडिसन यांची कंपनी आणि बायोग्राफ कंपनी या दोघी चढाओढीने शहराची चित्रे घेत होत्या. इमारतींचे पाये खणण्याची, पुलांच्या उद्घाटनाची, रस्त्यांवरील वाहतुकीची शेकडो छोटी चित्रे त्यांनी काढली. १९०१ साली बायोग्राफच्या चित्रकाराने 'स्टार थिएटर' नावाची जुनी इमारत पाडली जात असताना समोर कॅमेरा रोखून ठेवला आणि दर काही मिनिटांनी एकेक चित्र घेत महिनाभराचे पाडकाम दोन-तीन मिनिटांत आणले. १९०५ साली पेनसिल्व्हेनिया रेल्वेच्या बोगद्यासाठी चाललेल्या खोदकामाचे चित्रण झाले. भुयारी रेल्वेने लोकांच्या कल्पनेस इतके झपाटले होते की, एडिसन कंपनीने १९०४ साली 'सिटी हॉल ते हार्लेम, भुयारी मार्गाने पंधरा सेकंदांत' अशा अर्थाच्या नावाचे एक विनोदी चित्रही काढले. पंधरा मिनिटांत हार्लेम गाठण्याच्या तत्कालीन घोषणेची ती थट्टा होती.

या सर्वांत महत्त्वाचे चित्र २१ मे १९०५ रोजी घेतले गेले. बायोग्राफचे चित्रकार बिली बिट्झर यांनी चौदाव्या रस्त्यापासून बेचाळिसाव्या रस्त्यापर्यंतचा भुयाराचा अंतर्भाग चित्रित केला. त्या काळच्या फितीस भरपूर उजेड लागे आणि भुयारात तर काळोख. म्हणून तीन गाड्यांची योजना झाली. पुढे एक प्रवासी गाडी, तिच्या मागे कॅमेरा ठेवलेली दुसरी गाडी आणि शेजारच्या रुळांवर दिव्यांनी भरलेली तिसरी गाडी, अशी ही मिरवणूक भुयारातून निघाली. पडद्यावर खांब एकामागून एक मागे सरतात, पुढची गाडी वळणावर दिसेनाशी होते आणि पुन्हा दिसते, आणि शेवटी फलाटावर टोप्या घातलेले स्त्री-पुरुष उतरतात. सहा मिनिटांहूनही कमी लांबीच्या या फितीत कथा नाही, नायक नाही. तरीही भुयाराची रचना, खांबांमधील अंतर, डब्यांचा घाट, प्रवाशांचा पोशाख आणि चालण्याची ढब यांविषयी ती जे सांगते, ते त्या कामाच्या अहवालांतून कळणार नाही.

येथे अस्सल कागदाच्या अभ्यासकास सुचणारा प्रश्न आपणही विचारला पाहिजे. कागद अस्सल आहे म्हणून त्यातील मजकूर खरा असतोच असे नाही. मग फीत अस्सल आहे म्हणून तिच्यातील दृश्य निःपक्ष कसे मानावे? ल्युमिएर यांच्या कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या कामगारांचेच उदाहरण घेऊ. या दृश्याची तीन निरनिराळी चित्रणे उपलब्ध आहेत: एकात एका घोड्याची गाडी बाहेर पडते, दुसऱ्यात दोन घोड्यांची, तिसऱ्यात घोडाच नाही. म्हणजे कामगार पुन्हा पुन्हा कॅमेऱ्यासमोरून चालले. भिंत पाडणाऱ्या मजुरांच्या चित्रात त्यांना हुकूम देणारा गृहस्थ आहे खुद्द ऑगस्त ल्युमिएर, म्हणजे कारखान्याचा मालक. कॅमेराही मालकाचाच. हे ध्यानात घेतल्यावर ते चित्र खोटे ठरत नाही. उलट त्याचे मोल वाढते, कारण मालकास स्वतःचे काम कसे दिसावे असे वाटत होते, हेही त्यातून कळते. न्यूयॉर्कच्या फितींनाही हाच न्याय लागू आहे. बिट्झर यांचे भुयार स्वच्छ आहे, प्रकाशित आहे, तेथे धूळ नाही. फोर्ट जॉर्जच्या दरडीखाली गेलेल्या दहा मजुरांचा त्यात मागमूसही नाही. तो वृत्तपत्रांतून आणि चौकशीच्या कागदांतून शोधावा लागतो. फीत आणि कागद एकमेकांशेजारी ठेवले म्हणजेच इतिहास बोलू लागतो. एकटी फीत मुकी ती मुकीच.

आता मुख्य प्रश्नाकडे वळू. एकशेवीस वर्षांपूर्वीच्या या फिती आज आपणांस पाहावयास मिळतात त्या कशामुळे? अमेरिकन लोक आपल्याहून अधिक इतिहासप्रेमी होते म्हणून काय? मुळीच नाही. त्या वाचल्या त्या व्यापाऱ्याच्या स्वार्थामुळे आणि कायद्यातील एका उणिवेमुळे. १९१२ पर्यंत अमेरिकेच्या स्वामित्वहक्काच्या कायद्यात चलच्चित्र हा प्रकारच नव्हता. छायाचित्रास मात्र संरक्षण होते. दुसऱ्या कंपनीने आपले चित्र चोरू नये म्हणून निर्मात्यांनी युक्ती काढली. संपूर्ण फीत तेवढ्याच रुंदीच्या लांब कागदी गुंडाळीवर छापायची आणि ती 'छायाचित्रे' म्हणून वॉशिंग्टनच्या काँग्रेस ग्रंथालयात नोंदवायची. अशा तीन हजारांहून अधिक चित्रांच्या गुंडाळ्या तेथे जमा झाल्या आणि विस्मृतीत गेल्या. १९४० नंतरच्या वर्षांत हॉवर्ड वॉल्स या ग्रंथालयाच्या माणसाने त्यांचे महत्त्व ओळखले आणि १९५० नंतरच्या दशकात केम्प नायव्हर यांनी त्या कागदांवरील एकेक चित्र पुन्हा फितीवर उतरवून मूकपटांना पुनर्जन्म दिला. मूळ नायट्रेट फिती जळाल्या, कुजल्या, फेकल्या गेल्या. वाचवले ते कागदाने. राजवाड्यांच्या वाचकांस यात नवल वाटू नये.

आपल्याकडे काय झाले? सावेदादांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि कुस्तीनंतर अनेक घटना टिपल्या. केंब्रिजचे सीनियर रँग्लर र. पु. परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मायदेशी परतले, त्या स्वागताचे चित्र त्यांनी घेतले. १९०३ च्या दिल्ली दरबाराचेही घेतले. त्यांपैकी आज काहीही उरले नाही. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' या १९१३ च्या कथापटापूर्वी वाटाण्याच्या रोपाची वाढ दिवसांमागून दिवस एकेक चित्र घेत टिपली होती. 'स्टार थिएटर'च्या पाडकामासाठी जी रीत वापरली गेली, तीच रीत मुंबईत एका मराठी माणसाने अंकुरासाठी वापरावी, हा योगायोग मोठा सुंदर आहे. तेथे इमारत उतरत होती, येथे रोप चढत होते. फाळक्यांनी तळेगावच्या काचकारखान्याचेही चित्रण केले होते. कारखाना आणि कष्ट यांकडे त्यांचीही दृष्टी होती. पण हजाराहून अधिक मूकपट निर्माण करणाऱ्या या देशात आज अवघ्या तीसच्या आसपास मूकपटांचे अवशेष शिल्लक आहेत, आणि त्यांतलेही पुष्कळसे तुकडेच. नायट्रेटची फीत ज्वालाग्राही असते. ती आपोआपही विघटते. शिवाय फितीतील चांदी काढून घेण्यासाठी जुनी रिळे विकली गेली. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली, पी. के. नायर यांच्यासारख्या व्रतस्थ माणसाने ते उभे केले, पण तोपर्यंत मूकपटांचे युग संपून तीस वर्षे लोटली होती. आणि त्यानंतरही, जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत अनेक जुन्या नायट्रेट फिती भस्मसात झाल्या.

या हानीचे कारण केवळ हवामानात किंवा दारिद्र्यात शोधणे बरोबर नाही. हिंदुस्थानात १८६७ च्या कायद्यान्वये प्रत्येक छापील पुस्तकाची प्रत सरकारजमा करावी लागे आणि त्याची नोंद होत असे. एकोणिसाव्या शतकातील मराठी ग्रंथांची सूची आपण करू शकलो, त्यात या नोंदींचा मोठा वाटा आहे. त्या कायद्यास चलच्चित्र ठाऊक असणे शक्यच नव्हते. न्यूयॉर्कच्या व्यापाऱ्यास कायद्यातील उणिवेने कागदाकडे नेले; मुंबईच्या चित्रकारास तसे नेणारे काहीच नव्हते. पुस्तकास दप्तर मिळाले, फितीस मिळाले नाही. सावेदादा अमेरिकेत असते तर परांजप्यांच्या स्वागताची कागदी गुंडाळी कदाचित आजही कोठेतरी सापडती.

हे सारे आम्ही सुरतेत बसून लिहितो, यास कारण आहे. या शहराचा अनुभव असा की, येथे घडलेल्या मोठ्या घटना आपणांस बव्हंशी दुसऱ्यांच्या लेखणीतून कळल्या. जानेवारी १६६४ मध्ये शिवछत्रपती सुरतेवर आले; त्या दिवसांचा तपशील आपण वाचतो तो इंग्रज आणि डच वखारवाल्यांच्या पत्रांतून. डिसेंबर १९०७ मध्ये येथे काँग्रेस दुभंगली. मंडपातील त्या गोंधळाचे जिवंत वर्णन आपणांस एका इंग्रज पत्रकाराने, हेन्री नेव्हिन्सन यांनी, दिले. ज्यांनी लिहून ठेवले, त्यांच्या डोळ्यांनी आपण आपले शहर पाहतो. न्यूयॉर्कमध्ये भुयार खोदले जाऊ लागले त्याच सुमारास सुरतेहून खानदेशाकडे ताप्ती व्हॅली रेल्वेचे रूळ पडत होते. याच मार्गाने पुढे जळगाव, धुळे, नंदुरबार या भागांतून हजारो मराठी कुटुंबे सुरतेच्या मागांवर काम करण्यासाठी आली. ते रूळ टाकणाऱ्या मजुरांचे एकही हलते चित्र आपल्यापाशी नाही.

आता या शहराच्या पोटातही भुयार आले आहे. सुरत मेट्रोचे भूमिपूजन १८ जानेवारी २०२१ रोजी पंतप्रधान नरेंद्र मोदी यांच्या हस्ते झाले. पहिल्या टप्प्यात दोन मार्ग मिळून सुमारे चाळीस किलोमीटरची आखणी झाली. त्यांपैकी सरथाणा ते ड्रीम सिटी या मार्गाचा कापोद्रा ते चौक बाजार हा साडेसहा-सात किलोमीटरचा भाग भूमिगत ठरला. ज्या चौक बाजारापाशी जुना किल्ला आहे, ज्या किल्ल्यात १६६४ साली सुरतेचा सुभेदार इनायतखान दडून बसला होता, त्याच्या परिसराखालून हे भुयार आखले गेले. न्यूयॉर्कचा खडक येथे नाही. येथे आहे तापीच्या गाळाची माती. सुरुंगाची जागा येथे बोगदा कोरीत जाणाऱ्या यंत्राने घेतली. पण स्थानकांसाठी रस्ता वरून उघडण्याची रीत तीच राहिली: खंदक, खांब, छप्पर आणि पुन्हा रस्ता.

दोन आरंभांतील एक फरक मात्र विचार करायला लावतो. १९०० साली महापौर स्वतः जागेवर आले, फावडे हाती घेतले. २०२१ चे भूमिपूजन दूरदृश्य प्रणालीने झाले. पंतप्रधान दिल्लीत, समारंभ गुजरातेत. पूर्वी चित्र समारंभाच्या मागे धावत असे. येथे चित्र हेच समारंभाचे माध्यम झाले. तेव्हा सुरतेच्या भुयाराच्या आरंभाचे चलच्चित्र नाही, अशी तक्रार पुढचा इतिहासकार करू शकणार नाही. समारंभाची चित्रे विपुल आहेत. शिवाय पत्र्यांच्या कुंपणाआडचे खोदकाम गच्चीवरून टिपणारे मोबाइल घरोघरी आहेत. बायोग्राफ कंपनीने वर्षभरात घेतले नसेल तेवढे चित्रण आज एखादी गल्ली एका आठवड्यात घेते.

आमच्या मते संकट येथेच आहे. सावेदादांच्या फिती नाश पावल्या. या फिती गर्दीत हरवतील. मोबाइल बदलला की त्यातील चित्रे गेली. आणि राहिली तरी ती कोणत्या दिवसाची, कोणत्या रस्त्याची, कोणत्या दिशेने घेतलेली, चित्रातला माणूस कोण, हे सांगणारी ओळ त्यांसोबत नसते. ज्या कागदावर तिथी नाही, लिहिणाऱ्याचे नाव नाही आणि कोणास लिहिले तेही नाही, त्याचा उपयोग किती मर्यादित असतो, हे इतिहासाच्या प्रत्येक अभ्यासकास माहीत आहे. बिट्झर यांची फीत मोलाची ठरते ती तिच्यासोबत २१ मे १९०५ ही तारीख आणि चौदावा ते बेचाळिसावा रस्ता ही जागा नोंदलेली आहे म्हणून. ती नोंद नसती, तर ते कोठल्यातरी शहरातील कोठलेतरी भुयार ठरले असते.

म्हणून आमची सूचना साधी आहे आणि ती प्रामुख्याने शिक्षकबंधुभगिनींस उद्देशून आहे. जेथे मोठे बांधकाम चालू असेल, मग ती मेट्रो असो, धरण असो वा पूल असो, तेथील शाळेने त्याच्या चलच्चित्रांचे एक लहानसे दप्तर ठेवावे. विद्यार्थ्यांच्या घरी असलेली चित्रे मागवावीत. प्रत्येकासोबत एक कागदी चिठ्ठी असावी: तारीख, वेळ, जागा, चित्र घेणाऱ्याचे नाव आणि दृश्यात काय चालले आहे याच्या दोन ओळी. चित्रांच्या प्रती दोन निरनिराळ्या ठिकाणी ठेवाव्यात. कामावरील मजूर बोलण्यास राजी असतील, तर ते कोणत्या मुलखातून आले, हातातल्या अवजारास काय म्हणतात, हे त्यांच्याच शब्दांत टिपून ठेवावे. नाव सांगणे न सांगणे त्यांच्या मर्जीवर सोडावे. रस्ता बंद असल्याने ज्यांची दुकाने ओस पडली, त्यांचेही म्हणणे त्यात असावे. समारंभाची चित्रे सरकार ठेवीलच. कामाची चित्रे आपण ठेवली नाहीत, तर कोणीही ठेवणार नाही. साहित्यसंस्थांनीही पुस्तकसूचीप्रमाणे अशा संग्रहांची सूची करण्याचे काम अंगावर घ्यावे. दप्तर सांभाळण्याची विद्या आपणांपाशी शंभर वर्षांहून अधिक काळ आहे. ती केवळ मोडी कागदापुरती आहे असे मानण्याचे कारण नाही.

या कामास खर्च फारसा नाही. लागते ती शिस्त आणि चिकाटी, आणि शाळेत या दोहोंचीच तर शिकवण दिली जाते. शंभर वर्षांनी कोणी अभ्यासक चौक बाजारच्या स्थानकात उतरून विचारील की, हे कोणी खणले. त्याचे उत्तर आज एका चिठ्ठीवर मावते.